नगर जिल्ह्यातील दुर्गांचे पुरातत्त्व : एक आढावा

अहमदनगर जिल्ह्याच्या, म्हणजे आता ज्यास अहिल्यानगर हे नाव प्राप्त झाले आहे त्या जिल्ह्याच्या भूमीत पुरातत्त्वज्ञांची कुदळ जितक्या वेळा आणि जितकी खोल गेली, तितकी ती महाराष्ट्रातील फार थोड्या जिल्ह्यांत गेली असेल. प्रवरेच्या खोऱ्यातील जोर्वे येथे १९५०-५१ साली उत्खनन झाले आणि त्या लहानशा गावाचे नाव एका संपूर्ण ताम्रपाषाणयुगीन संस्कृतीस मिळाले. १९५४ ते १९५६ या काळात डॉ. हसमुख सांकलिया आणि त्यांचे डेक्कन कॉलेजातील सहकारी यांनी नेवाश्याचे टेकाड उलगडले. १९५८ साली दायमाबादचे स्थळ उजेडात आले, १९७४ साली तेथे रथ, हत्ती, गेंडा आणि रेडा यांच्या भरीव कांस्यमूर्ती सापडल्या, आणि पुढे त्याच दशकाच्या अखेरपर्यंत डॉ. सा. आ. साळी यांनी ते स्थळ पद्धतशीरपणे खणले. या सर्व उद्योगाचे फळ असे की, साडेतीन हजार वर्षांपूर्वी प्रवरेकाठी राहणारा शेतकरी कोणते धान्य पेरीत होता, घराची जमीन कशी चोपीत होता आणि आपली मृत बालके कोणत्या कुंभात पुरीत होता, हे आज आपण बऱ्याच निश्चयाने सांगू शकतो. परंतु त्याच जिल्ह्यातील एखाद्या गडावर अवघ्या तीनशे वर्षांपूर्वी पहारा करणारा शिपाई काय खात होता, कोठे निजत होता आणि त्याच्या पाण्याची तजवीज कशी होत होती, हे विचारले तर उत्तर बखरीतून व दंतकथेतून शोधावे लागते. भूमीने दिलेले उत्तर आपल्यापाशी जवळजवळ नाही. या विषम स्थितीची कारणे कोणती, ती पालटण्याचे प्रयत्न कोणी केले आणि नगर जिल्ह्यात त्या प्रयत्नांस कोणते क्षेत्र खुले आहे, याचा आढावा घेण्याचा येथे हेतू आहे.

पहिले कारण पुरातत्त्वविद्येच्या आपल्याकडील घडणीतच आहे. ही विद्या येथे आली ती लेणी, स्तूप, देवालये आणि शिलालेख यांच्या ओढीने आली, आणि स्वातंत्र्यानंतर ती बहरली ती इतिहासपूर्व काळाच्या शोधाने बहरली. टेकाड खणताना मध्ययुगाचा थर सर्वांत वर असतो आणि म्हणून तो सर्वांत आधी उचलला जातो. नेवाश्याच्या उत्खननात चौदाव्या ते सतराव्या शतकांच्या आसपासचा मुसलमानी-मराठा कालखंड स्वतंत्र नोंदला गेला, त्यातील काचेच्या बांगड्या व झिलईची भांडी यांची वर्णनेही प्रसिद्ध झाली, ही गोष्ट त्या संशोधकांच्या सचोटीची साक्ष आहे. तथापि १९६० साली निघालेल्या त्या अहवालाचे नावच इतिहासाकडून इतिहासपूर्वाकडे जाण्याचे होते, आणि अभ्यासकांची दृष्टी साहजिकच खालच्या थरांवर खिळली होती. दुसरे कारण असे की, मध्ययुगासाठी कागद विपुल आहेत. जेथे तवारिखा, फर्माने, महजर आणि मोडी दफ्तरांचे रुमाल उपलब्ध आहेत तेथे माती कशाला चाळावयाची, असा समज इतिहासकार आणि पुरातत्त्वज्ञ या दोघांचाही होता. या समजाने दोहोंचीही हानी केली, कारण कागद लिहिणाऱ्यास जे सांगावेसे वाटले तेच सांगतो आणि माती लिहिणाऱ्याच्या इच्छेवाचून सांगते.

ब्रिटिश अमदानीत दुर्गांची जी नोंद झाली ती प्रामुख्याने शासकीय गरजेपोटी झाली. १८८४ साली जेम्स कॅम्बेल यांच्या संपादनाखाली निघालेल्या मुंबई गॅझेटियरच्या नगर खंडात जिल्ह्यातील किल्ल्यांची उंची, वाटा, दरवाजे, टाकी आणि पडझड यांची वर्णने आहेत, आणि ती आजही उपयोगी पडतात, कारण त्या वेळी उभे असलेले पुष्कळ आज उभे नाही. हेन्री कझिन्स यांनी दख्खनच्या मध्ययुगीन देवालयांवर १९३१ साली जो ग्रंथ प्रसिद्ध केला त्यात रतनवाडीचे अमृतेश्वर आणि पेडगावचे लक्ष्मीनारायण मंदिर यांस मानाचे स्थान मिळाले. परंतु अमृतेश्वराच्या माथ्यावर उभा असलेला रतनगड आणि लक्ष्मीनारायणास आपल्या तटाच्या कुशीत घेतलेला पेडगावचा किल्ला यांकडे त्याच बारकाईने पाहण्याची गरज त्या काळास भासली नाही.

मराठी विद्वानांनी दुर्गांकडे पाहिले ते निराळ्या प्रेमाने. चिंतामण गंगाधर गोगटे यांनी विसाव्या शतकाच्या आरंभी महाराष्ट्रातील किल्ल्यांची माहिती एकत्र केली. भारत इतिहास संशोधक मंडळाचे ग. ह. खरे यांनी फारसी साधने, शिलालेख आणि स्थलदर्शन यांची सांगड घालून दुर्गांविषयी लिहिले. शां. वि. आवळसकर यांनी ‘रायगडची जीवनकथा’ लिहिताना पेशवेकालीन कागदांतून गडाच्या नित्य व्यवहाराचे जे चित्र उभे केले, त्यावरून एक किल्ला म्हणजे केवढा मोठा कारखाना असतो हे मराठी वाचकास प्रथमच कळले. गो. नी. दांडेकरांनी तर दोन पिढ्यांच्या तरुणांस गडावर नेले. या सर्वांचे ऋण मोठे आहे, आणि ते मान्य करूनच म्हणावे लागते की, या परंपरेत किल्ल्याचा अभ्यास कागदावरून झाला किंवा पायांनी झाला. मोजपट्टी, खणती आणि प्रयोगशाळा यांनी तो होणे राहून गेले.

ही उणीव ज्यांनी ओळखली आणि तिच्या परिहारार्थ आपली विद्वत्ता वेचली, त्यांत डॉ. मधुकर श्रीपाद माटे यांचे नाव अग्रभागी घ्यावे लागेल. ज्या डेक्कन कॉलेजात सांकलियांनी इतिहासपूर्वाचा पाया घातला, त्याच संस्थेत राहून माट्यांनी मध्ययुगाची बाजू सांभाळली. १६५० ते १८५० या दोन शतकांतील मराठ्यांच्या वास्तुकलेवरील त्यांचा ग्रंथ १९५९ साली पुणे विद्यापीठाने प्रसिद्ध केला. १९६७ साली दख्खनच्या काष्ठशिल्पावरील ग्रंथ निघाला. दख्खनच्या इस्लामी वास्तुकलेवरही त्यांनी दीर्घ निबंध लिहिला. परंतु त्यांच्या आयुष्यातील सर्वांत महत्त्वाचे पाऊल म्हणजे दौलताबाद. डॉ. टी. व्ही. पाथी यांच्यासह आणि मराठवाडा विद्यापीठाच्या सहकार्याने त्यांनी तेथे जे अन्वेषण केले, त्यात राजवाडा व तोफा यांच्यापुरते न थांबता तटाआड वसलेल्या नगराचे रस्ते, घरे आणि पाणी यांचा शोध घेण्यात आला. १९८३ साली एका आंतरराष्ट्रीय पुरातत्त्व-नियतकालिकात लिहिताना त्यांनी दौलताबादला भारतातील इस्लामी पुरातत्त्वाचा मार्ग म्हटले, आणि १९९२ साली त्या कामाचा अहवाल ग्रंथरूपाने आला. त्यानंतर १९९८ साली त्यांनी भारतातील जलव्यवस्थापनाचा व जलतंत्राचा इतिहास लिहिला. वास्तूपासून लाकडाकडे, लाकडापासून नगराकडे आणि नगरापासून पाण्याकडे झालेला हा प्रवास पाहिला म्हणजे त्यामागील एकच सूत्र लक्षात येते: मध्ययुगाचा इतिहास हा राजांच्या जयपराजयांइतकाच गवंडी, सुतार, बेलदार आणि पाणक्या यांच्या कौशल्याचाही इतिहास आहे.

याच प्रकारचे काम अन्यत्र कसे झाले हे पाहणे उद्बोधक ठरेल. वेल्स हा डोंगराळ देश तेराव्या शतकात इंग्लंडचा राजा पहिला एडवर्ड याने जिंकला आणि कॉन्वी, कार्नार्वन, हार्लेक व बोमारिस येथे प्रचंड किल्ले उभारले. हे किल्ले नेमके कोणाच्या हातचे, हा प्रश्न आर्नल्ड टेलर या पुरातत्त्वज्ञाने आपल्या हयातीचा विषय केला. सरकारी स्मारक-खात्यात निरीक्षक म्हणून काम करीत असताना त्याने राजाच्या बांधकामांचे रोजमुऱ्याचे हिशेब वाचले, त्यांत वारंवार येणारे उस्ताद जेम्स हे नाव धरले, आणि त्याचा माग काढीत आल्प्सच्या पायथ्याशी असलेल्या सॅव्हॉय प्रांताच्या दफ्तरापर्यंत तो पोहोचला. मग त्याने दोन्ही देशांतील भिंती प्रत्यक्ष ताडून पाहिल्या. परांचीचे वासे रोवण्यासाठी बुरुजाभोवती चढत गेलेली भोके आणि कमानींची घडण ही दोन्हीकडे सारखी निघाली, आणि शेकडो कोसांवरून आलेल्या एका स्थपतीचे कर्तृत्व कागद व दगड या दोघांच्या साक्षीने सिद्ध झाले. पुढे १९८६ साली या किल्ल्यांस जागतिक वारशाचा दर्जा मिळाला. लॉरेन्स बटलर या दुसऱ्या पुरातत्त्वज्ञाने जेत्याचे किल्ले सोडून वेल्सच्या स्वतःच्या राजपुत्राने, लवेलिनने, १२७३ साली बांधावयास घेतलेला डोल्फॉरविन हा डोंगरी किल्ला निवडला, आणि १९८१ पासून दोन दशके तो त्या एका टेकडीवर दर उन्हाळ्यात खणीत राहिला. देशोदेशीच्या दुर्गविद्येचा पाया अशा दीर्घ एकनिष्ठेने घातला गेला आहे.

आता नगर जिल्ह्याकडे वळू. आपल्या प्राचीन ग्रंथकारांनी दुर्गांचे जे प्रकार सांगितले त्यांपैकी काही प्रमुख प्रकार या एका जिल्ह्याच्या सीमेत पाहावयास मिळतात, हे त्याचे भाग्य होय. पश्चिमेस अकोले तालुक्यात सह्याद्रीच्या ऐन धारेवर हरिश्चंद्रगड, रतनगड, कुंजरगड, कलाडगड. नाशिकच्या शिवेवर पट्टा, जेथे १६७९ साली जालन्याच्या मोहिमेहून परतताना शिवाजीमहाराजांनी मुक्काम केला आणि ज्यास त्यावरून विश्रामगड हे नाव मिळाले. संगमनेर तालुक्यात पेमगिरी, जेथे शहाजीराजांनी निजामशाहीचा अखेरचा बालवारस तख्तावर बसवून राज्यकारभार आपल्या हाती घेतला. मध्यभागी खुद्द नगरचा भुईकोट. दक्षिणेस भीमेच्या काठी पेडगावचा बहादुरगड. आणि पूर्वेस जामखेड तालुक्यात खर्डा. गिरिदुर्ग, भूमिदुर्ग आणि नदीकाठचा कोट यांचा असा संच अभ्यासकास एका दिवसाच्या अंतरात क्वचितच सापडतो.

नगरचा किल्ला हा या संचातील मुकुटमणी. अहमद निजामशहाने १४९० साली बहमनी फौजेवर विजय मिळवून जेथे बाग निजाम वसविली, त्याच जागी हुसेन निजामशहाने १५५९ ते १५६२ या काळात आज दिसणारा दगडी कोट उभारला. त्याचा जवळजवळ वर्तुळाकार तट आणि रुंद खंदक पाहून आजही मन स्तिमित होते. १५९५-९६ च्या वेढ्यात मोगल शहाजादा मुरादच्या सैन्याने सुरुंग लावून तटास मोठे खिंडार पाडले आणि चांदबिबीने ते रातोरात बुजवून किल्ला राखला, हा प्रसंग फिरिश्त्याने आपल्या तवारिखेत सविस्तर दिला आहे, आणि प्रत्येक मराठी मुलास तो ठाऊक आहे. हा प्रसंग पुरातत्त्वाचा विषय कसा होतो हे पाहण्यासारखे आहे. घाईने बुजविलेली भिंत आणि सावकाश रचलेली भिंत यांच्या दगडांची घडण, थरांची समपातळी, सांध्यातील चुन्याचे प्रमाण आणि भरीत टाकलेला ऐवज ही सारी भिन्न असतात. मागाहून झालेली पक्की दुरुस्तीही आपली शीव सोडून जाते. तटाचा प्रत्येक हात मोजून, प्रत्येक थराचे रेखाटन करून आणि चुन्याचे नमुने तपासून त्या रात्रीचे काम कोठे झाले याचा शोध घेता येईल. आणि तो घेताना १८०३ च्या ऑगस्टात इंग्रज सेनापती वेलस्लीच्या तोफांनी केलेले घाव व त्यानंतरच्या इंग्रजी डागडुजीही आपोआप वेगळ्या काढता येतील. १९४२ ते १९४५ या काळात पंडित नेहरू, मौलाना आझाद, आचार्य नरेंद्र देव प्रभृती नेते जेथे बंदिवासात होते त्या खोल्यांमुळे या किल्ल्यास राष्ट्रीय इतिहासातही स्थान आहे. किल्ला लष्कराच्या ताब्यात असल्यामुळे त्याचे रूप पुष्कळ अंशी टिकले आहे; लष्कराच्या अनुमतीने तेथे मोजणीचे शास्त्रशुद्ध काम होणे ही या विषयातील पहिली निकड म्हणावी लागेल.

किल्ल्याबाहेरील नगर शहरास पाणी मिळे ते कापूरवाडी, शेंडी, भिंगार, नागापूर इत्यादी ठिकाणांहून आणलेल्या खापरी नळांनी. जमिनीखालून उतार साधीत, ठिकठिकाणी उच्छ्वास ठेवीत आणलेले हे पाणी वस्तीस, फराहबागेसारख्या उद्यानमहालांस आणि मशिदींच्या हौदांस पोहोचे. मलिक अंबरने सतराव्या शतकाच्या आरंभी खडकीस, म्हणजे पुढच्या औरंगाबादेस, जी नहर आणली तिची कीर्ती सर्वत्र आहे. परंतु ज्या राज्याचा तो वजीर होता त्याच्या राजधानीत हे तंत्र त्यापूर्वीच मुरलेले होते. पुष्कर सोहोनी यांनी २०१८ साली निजामशाहीच्या वास्तूंवर जो इंग्रजी ग्रंथ लिहिला, त्यामुळे या दरबाराच्या बांधकामाचा साकल्याने विचार करण्याची वाट मोकळी झाली आहे. त्या वाटेने पुढे जाऊन एकेका नळाचा मार्ग, त्याचा उतार आणि खापरांचे माप नकाशावर उतरविणे हे काम शहराची वाढ पाहता यापुढे लांबविता येणारे नाही.

पेडगावी पाण्याचा प्रश्न निराळ्या रीतीने सोडविलेला दिसतो. भीमेचे पात्र खाली आणि कोट उंच काठावर, म्हणून नदीच्या बाजूस उंच दगडी बांधणी करून तीवरून हत्तीच्या बळाने मोटा ओढीत आणि ते पाणी नळांनी आत खेळवीत. मोगल सुभेदार बहादुरखान याच्या नावाने प्रसिद्धी पावलेल्या, आणि १६८९ साली छत्रपती संभाजीमहाराजांस बंदिवान करून जेथे आणण्यात आले त्या या स्थळी जाणाऱ्याचे चित्त त्या दारुण स्मृतीने व्यापून जाते, हे योग्यच आहे. परंतु मोगलांच्या छावणीने हा काठ का निवडला, याचे उत्तर त्या हत्तीमोटेच्या दगडांत आहे. तेथील यादवकालीन मंदिरे आणि मोगली इमारती एकाच तटात असल्यामुळे तेराव्या शतकापासून अठराव्या शतकापर्यंतचे सलग थर तेथे हाती लागण्याचा संभव फार मोठा आहे.

खर्ड्याचा किल्ला १७४३ साली निंबाळकरांनी बांधला. ११ मार्च १७९५ रोजी जवळच मराठ्यांशी झालेल्या लढाईनंतर हैदराबादचा निजामअली याच किल्ल्याच्या आश्रयास गेला आणि तेथेच कोंडला जाऊन तहास कबूल झाला. लहान, चौकोनी, बांधकामाचा काळ निश्चित ठाऊक असलेला आणि लढाईचा दिवस निश्चित ठाऊक असलेला असा हा कोट पुरातत्त्वज्ञाच्या दृष्टीने अमोल आहे. कारण येथे सापडणाऱ्या मडक्यांस, बांगड्यांस आणि गोळ्यांस काळाची पक्की चौकट मिळेल आणि तीवरून जिल्ह्यातील इतर गढ्या व कोट यांतील सामग्रीचे वय ठरविता येईल. मध्ययुगीन महाराष्ट्राच्या मृत्पात्रांचा काळक्रम बसवावयाचा तर आरंभ खर्ड्यासारख्या स्थळाने करणे श्रेयस्कर होय.

अकोल्याच्या गिरिदुर्गांचा प्रश्न सर्वांत बिकट आणि सर्वांत मोहक आहे. हरिश्चंद्रगडावर देवालय आहे, लेणी आहेत, चांगदेवांच्या तपश्चर्येचे स्मरण देणारे लेख आहेत आणि केदारेश्वराच्या गुहेत गारठलेल्या पाण्यात उभे शिवलिंग आहे. गड मात्र तटबंदीच्या अर्थाने थोडकाच आहे. मग येथे आधी तीर्थ झाले की दुर्ग, हा प्रश्न उभा राहतो, आणि त्याचे उत्तर बव्हंशी पाण्याच्या टाक्यांत आहे. सह्याद्रीचा खडक हा लाव्ह्याच्या एकावर एक बसलेल्या थरांचा आहे. वरच्या सच्छिद्र थरातून झिरपलेले पाणी खालच्या कठीण थरावर अडते, आणि जुन्या पाथरवटांनी नेमकी ही सांध्याची पातळी ओळखून टाकी खोदली. अशा एखाद्या टाक्याच्या काठी बसून पाहिले म्हणजे कितीतरी गोष्टी दिसू लागतात: छत पेलण्यासाठी खडकातच राखलेले खांब, छिन्नीचे एका दिशेने गेलेले घाव, पावसाचे गढूळ पाणी बाहेर वळविणारी पन्हळ, काठावर मांडव घालण्यासाठी पाडलेल्या चौकोनी खाचा आणि उतरण्यासाठी ठेवलेल्या दोन-चार पायऱ्या. रामचंद्रपंत अमात्यांनी आज्ञापत्रात गड बांधण्यापूर्वी पाणी पाहण्याची आणि एकाच झऱ्यावर विसंबून न राहण्याची जी ताकीद दिली आहे, तिच्यामागे अनेक शतकांचा हा अनुभव उभा होता. प्रत्येक गडावरील प्रत्येक टाक्याचे माप, धारणशक्ती आणि छिन्नीच्या खुणा यांची जिल्हावार नोंदवही तयार झाली तर कोणत्या गडावर किती शिबंदी किती महिने राहू शकत होती याचा हिशेब मांडता येईल, आणि ‘अभेद्य’ या विशेषणास अंकांचा आधार मिळेल.

या गडांच्या इतिहासास आणखी एक बाजू आहे आणि तिचा विसर पडू देणे अन्यायाचे होईल. अकोल्याच्या डोंगरातील महादेव कोळी समाजाकडे गडांच्या व घाटवाटांच्या रखवालीचे काम पिढ्यान्‌पिढ्या होते. १८१८ नंतर कंपनी सरकारने सह्याद्रीतील किल्ले निकामी करण्याचे धोरण धरून अनेक ठिकाणी पायऱ्या व दरवाजे सुरुंगाने उडविले, तेव्हा तटांबरोबर या रखवालदारांचे हक्क व उत्पन्नही गेले. याच समाजातील राघोजी भांगरे यांच्या इंग्रजांविरुद्धच्या उठावाची मुळे या उद्ध्वस्त व्यवस्थेतही शोधावी लागतात. तेव्हा गडाचे पुरातत्त्व हे पायथ्याच्या वाड्यांचेही पुरातत्त्व असले पाहिजे, आणि त्या वाड्यांतील वृद्धांस ठाऊक असलेली टाक्यांची, वाटांची व चौक्यांची नावे हा त्यातील प्रथम दर्जाचा पुरावा मानला पाहिजे.

कागदाच्या बाजूने पाहता आपली स्थिती वेल्सहून उणी नाही. पेशवे दफ्तरातील निवडक कागदांचे ४५ खंड गो. स. सरदेसाई यांच्या संपादनाखाली १९३० ते १९३४ या काळात निघाले. परंतु निवड ही राजकारणाच्या दृष्टीने झाली, आणि पुण्याच्या दफ्तरात मोडीतील जो अफाट संग्रह आहे त्यातील फार थोडा भाग अभ्यासकांच्या नजरेखालून गेला आहे. किल्ल्याचा सबनीस हजेरी लिही, कारखानीस गल्ला, दारू, लोखंड, तेल, चुना या जिनसांचा जमाखर्च ठेवी आणि हवालदाराच्या शिक्क्याने तो हुजुरात रवाना होई. अशा ताळेबंदात चुना किती खंडी आला, गवंड्यास रोज काय पडला, कोणता बुरूज कोणत्या साली ढासळला हे लिहिलेले असते. टेलरने जसे हिशेब हाती घेऊन भिंतीपुढे उभे राहण्याचे व्रत घेतले, तसे मोडी वाचणारा पुरातत्त्वज्ञ गडावर गेला तर चुन्याची घाणी, अंबारखान्याचे जोते आणि कागदातील खंडी-मणांचा आकडा यांची गाठ पडेल.

आजच्या घडीस या विषयास अनुकूलताही आहे आणि संकटही. २०२५ च्या जुलैत ‘मराठा लष्करी स्थापत्य’ या नावाने १२ किल्ले जागतिक वारसायादीत समाविष्ट झाले. त्यांत नगर जिल्ह्यातील एकही नाही, तथापि त्या घटनेने सर्वच दुर्गांकडे समाजाचे लक्ष वेधले गेले. गडावर जाऊन श्रमदान करणाऱ्या तरुणांच्या मंडळांची निष्ठा वंदनीय आहे, आणि त्या निष्ठेस शास्त्राची जोड मिळावी म्हणूनच दोन गोष्टी कळकळीने सांगावयाच्या आहेत. टाक्यातील गाळ हा निरुपयोगी चिखल नसून थरांनी साठलेला दस्तऐवज आहे. खापऱ्या, बी-बियाणे, हाडे, लोखंडाचे तुकडे आणि सूक्ष्म परागकण त्यात क्रमाने बसलेले असतात. तो एका दिवसात उपसून दरीत लोटला की त्या गडाची दैनंदिनी कायमची नाहीशी होते. खोलीची नोंद ठेवून, थोडा थोडा काढून आणि चाळणीने चाळून तोच गाळ काढला तर पाणीही स्वच्छ होते आणि पुरावाही राहतो. तसेच जुन्या चुन्याच्या सांध्यांवर सिमेंट थोपणे हे संरक्षण नव्हे. सिमेंट खडकाचा ओलावा कोंडते, दगडास इजा करते आणि ज्यावरून दुरुस्तीचा काळ ठरवावयाचा तो चुनाच झाकून टाकते.

या सर्व विवेचनाचा निष्कर्ष असा की, नगर जिल्ह्यातील दुर्गविद्येस स्थळांचा, कागदांचा किंवा लोकांच्या आस्थेचा अभाव नाही; अभाव आहे तो हे तीन धागे एका हातात धरणाऱ्या आणि ते वीस-पंचवीस वर्षे न सोडणाऱ्या अभ्यासकाचा. त्याने कामाचा क्रम लावावयाचा तर प्रथम नगरच्या तटाची मोजणी, त्याबरोबरच खापरी नळांचा नकाशा, मग खर्ड्यास एक मर्यादित पण काटेकोर खणती, आणि अकोल्याच्या गडांवर टाक्यांची नोंदवही, असा लावता येईल. मोडी वाचनाचे काम या सर्वांस समांतर चालावे. यासाठी विद्यापीठांनी मध्ययुगीन पुरातत्त्वास स्वतंत्र अध्यापन व स्थिर वेतन दिले पाहिजे, आणि नगरच्या ऐतिहासिक वस्तुसंग्रहालयासारख्या संस्थांत जिल्ह्यातील मध्ययुगीन सामग्रीचा अभ्याससंग्रह उभा राहिला पाहिजे. माट्यांनी दौलताबादेस मार्ग घालून दिला त्यास आता चार दशके झाली. त्या मार्गाचा पुढचा मुक्काम निजामशाहीच्या नगर या राजधानीत असणे इतिहासाच्या क्रमासही धरून आहे, आणि तेथवर जाण्यास लागणारी सर्व साधने आज आपल्या हाताशी आहेत.